पोकळ झाडातील बिऱ्हाड

हैदराबादच्या गौलीगुडा भागात राहणाऱ्या मराठी मंडळींना खार काही नवी नव्हे. पाठीवर पट्टे मिरविणारी ती चिमुकली खार छपरांवरून, विजेच्या तारांवरून सुखाने धावत असते. मनुष्यवस्तीशी तिने केव्हाच जुळवून घेतले आहे. तिची मोठी बहीण जी उडती खार, तिला मात्र ते साधलेले नाही. आणि तिच्याविषयीच आज आम्हांला लिहावयाचे आहे.

ही बहीण सह्याद्रीच्या व सातपुड्याच्या रानांत राहते. नाकापासून शेपटीच्या टोकापर्यंत ती जवळजवळ दोन हात भरते. पुष्कळ लोक तिला शेकरू समजतात. पण महाराष्ट्राचे मानचिन्ह असलेले शेकरू दिवसा हिंडते व काटक्यापानांचे घरटे बांधते. उडती खार पक्की निशाचर. शिवाय नावात ‘उडती’ असली तरी ती उडत नाही, तरंगते. पुढच्या पायांपासून मागच्या पायांपर्यंत तिच्या अंगाला लवदार कातड्याचा पडदा असतो. शेंड्यावरून झेप घेताच ती तो ताणते, हवेवर घसरत दूरच्या झाडाच्या बुंध्याला बिलगते आणि पुन्हा सरसर वर चढते. प्रत्येक झेपेत उंची खर्ची पडते, हे येथे ध्यानात घ्यावे. उंच झाडे विरळ झाली की तिला जमिनीवर उतरावे लागते, आणि तेथे ती अगदी लाचार होते.

राहण्यासाठी तिला जुन्या झाडाची ढोली लागते. राजस्थानातील सीतामाता अभयारण्याचे उदाहरण बोलके आहे. तेथील रान कोरडे, पानगळीचे. तरीही मोहाच्या जुनाट, पोकळ झाडांच्या आधाराने ती तेथे टिकून आहे. ढोली तयार व्हावयास कित्येक दशके लागतात. त्यातून तिला एका वेळी बहुधा एकच पिल्लू होते. त्यामुळे गेलेली संख्या लवकर भरून येत नाही. जागतिक यादीत तिची जात अद्याप संकटग्रस्त मानलेली नाही, पण संख्या घटत असल्याची नोंद आहे.

आपण मात्र पोकळ झाड दिसले की म्हणतो, हे कशाला ठेवावयाचे? जळण तरी होईल! लाकूडफाट्याच्या हिशेबाने ते खरेही असेल. परंतु गौलीगुड्याजवळच, उस्मानिया इस्पितळाच्या आवारात एक वृद्ध चिंच आहे. 1908 च्या सप्टेंबरात मुसी नदीला महापूर आला, तेव्हा तिच्या फांद्यांवर चढून सुमारे दीडशे माणसे वाचली, असे सांगतात. त्या चिंचेचे मोल कोणी लाकडाच्या भावाने करील काय?

रानालगत ज्यांची शेती आहे, त्यांनी पोकळ झाडाला कुऱ्हाड लावण्यापूर्वी सूर्यास्तानंतर तासभर त्याच्यापासून थोडे दूर, निमूट बसून पाहावे. ढोलीच्या तोंडाशी दोन मोठे डोळे चमकले, तर जळण दुसरीकडून आणावे.