वर्तमानपत्राचा पोशाख

‘डेझीज’ या चित्रपटाच्या शेवटी मेजवानीची नासाडी केलेल्या, मारी याच नावाच्या दोघी मुली आवराआवर करायला परत येतात. अंगाला वर्तमानपत्रं गुंडाळलेली, वरून दोरीनं आवळलेली. कुजबुजत त्या फुटक्या बशांचे तुकडे पुन्हा टेबलावर मांडत राहतात. आता चांगलं वागायचं, कामाला लागायचं, हा सगळा शहाणपणा त्यांच्या अंगावर छापील कागदासारखा बांधलेला असतो. हा पोशाख ज्या हातांनी केला, त्याच हातांनी दिग्दर्शिका व्येरा खितिलोवाबरोबर या चित्रपटाची पटकथाही लिहिली होती, हे मला नंतर कळलं.

ते हात एस्तेर क्रुंबाखोवाचे. १९२३ साली ब्रनोत जन्मलेली ही बाई नाटकांची वेशभूषा करता करता सिनेमात आली. माझी आई शिवणकाम करायची. माप घेताना कोणाचा खांदा झुकलाय, कोण पोट आत ओढून उभं आहे, हे ती न बोलता टिपायची. त्यामुळे कपड्यांकडून पटकथेकडे गेलेली एस्तेरची वाट मला अगदी सरळ वाटते. अंगरखा बेतताना माणूस कळतोच. तिनं तो लिहूनही काढला.

‘डेझीज’च्याच वर्षी, १९६६ साली, दिग्दर्शक यान न्येमेत्सबरोबर तिनं ‘ए रिपोर्ट ऑन द पार्टी अँड द गेस्ट्स’ लिहिला. सहलीला निघालेली सभ्य माणसं दांडगाईपुढे हळूहळू कशी मान तुकवतात, याची ती गोष्ट. सत्तेला ती झोंबली. पुढे ‘व्हॅलरी अँड हर वीक ऑफ वंडर्स’सुद्धा तिच्याच हाताखालून गेला. स्वतः दिग्दर्शित केलेला चित्रपट मात्र एकच, १९७० चा: एक बाई रांधतेय, आणि पाहुणा आलेला सैतान खातोच आहे, खातोच आहे.

सोव्हिएत रणगाडे प्रागमध्ये शिरून तेव्हा दोन वर्षं झाली होती. लवकरच तिच्यासाठी स्टुडिओची दारं बंद झाली. ऐन पन्नाशीतली वर्षं अशी गेली, याचा मला आजही संताप येतो. त्या काळात ती दागिने घडवत राहिली, लिहीत राहिली. १९८३ मध्ये खितिलोवाच्याच चित्रपटाच्या पटकथेवर तिचं नाव पुन्हा दिसलं. १९९४ मध्ये तिचं पुस्तक आलं. दोन वर्षांनी ती गेली.

२००५ मध्ये खितिलोवानं तिच्यावर माहितीपट केला. पंचाहत्तरी ओलांडलेली ही दिग्दर्शिका ओळखीच्या एकेका माणसापाशी जाते आणि आपल्या मैत्रिणीबद्दल विचारत राहते.