एका अंगाईची योग्यता

आमचा पुतण्या गिटार शिकतो. परवां रात्रीं त्यानें एक संथ, गोड चीज वाजविली, आणि पाळण्यांतलें मूल ऐकतां ऐकतां झोंपीं गेलें. विचारतां कळलें कीं, ती क्यूबा बेटांतील अंगाईच होती.

ग्रेनेत यांचें ‘द्रुमे नेग्रिता’ हें गीत तेथील आफ्रिकी वंशाच्या लोकांच्या बोलींत रचलेलें आहे. हवानांत १९३९ सालीं जन्मलेल्या लिओ ब्राउवर यांनीं तें गिटारीसाठीं बांधलें. ब्राउवर यांचे गुरु इसाक निकोला. निकोलांचे गुरु एमिलिओ पुजोल, आणि पुजोलांचे गुरु स्पेनचे विख्यात वादक तार्रेगा. परंपरा अशी थोर. तथापि या शिष्यास घरगुती बोलींतली अंगाई हलकी वाटली नाहीं. त्यानें ती स्वरलिपींत उतरविली, म्हणूनच आज दूरदेशींचे विद्यार्थी अभिजात रचनांच्या पंक्तीस बसवून ती वाजवितात.

हें ऐकून आम्ही मनांत ओशाळलों. आमच्या मातुश्रींच्या अंगाया ‘बायकांचीं गाणीं’ म्हणून आम्हीं कधीं लिहून घेतल्या नाहींत. त्या त्यांच्याबरोबरच गेल्या. आत्याबाईंस अद्यापि तीन-चार आठवतात. उद्यां दुपारीं वही घेऊन आम्ही त्यांच्यापाशीं बसणार आहों.