बुबुळावरची छिन्नी

स्वामीमलैचे स्थपती मूर्तीचे डोळे सगळ्यांत शेवटी उघडतात. कावेरीच्या गाळाच्या साच्यातून मेण वितळून गेलेलं असतं, त्याच्या जागी पंचधातूचा रस थिजलेला असतो, साचा फोडलेला, कानसकाम संपलेलं. सर्वांगानं घडलेली मूर्ती, पण आंधळी. मग मुहूर्तावर सोन्याची छिन्नी बुबुळावर टेकते. हे नेत्रोन्मीलन मनात आलं की मला सिनेमाचे छायाचित्रकार क्लोद रेन्वार आठवतात, आणि गलबलून येतं.

घर चित्रकाराचं आणि नटांचं. आजोबा ऑग्यूस्त रेन्वार. संधिवातानं बोटं वाकडी झाली तरी त्यांचा कुंचला सुटला नाही. वडील पिएर आणि आई व्हेरा सेर्जिन, दोघंही नट. क्लोद कॅमेऱ्यामागे गेले. 1935 साली काका झाँ रेन्वार यांचा ‘तोनी’ त्यांनी चित्रित केला. पडद्यावर ते दिसतात दिग्दर्शक क्लूझोच्या पिकासोवरच्या चित्रपटात, स्वतः म्हणूनच. फिल्म संपत आलेली, पिकासो घाईघाईनं रेघा ओढतोय, आणि क्लोद कॅमेऱ्यापाशी. नटांच्या घरातला मुलगा प्रेक्षकांसमोर आला, तो असा काम करता करता.

आपल्याकडे ते आले ‘द रिव्हर’ या चित्रपटासाठी. हुगळीकाठी, टेक्निकलरमध्ये. चित्रीकरण बघायला एक पोरगेला बंगाली मुलगा येऊन बसायचा आणि कुठला दिवा कुठून लागला ते वहीत टिपायचा. पुढे प्रकाशाचा मेळ जुळवायला क्लोदनी त्याचीच वही मागून घेतली. तो सुब्रत मित्र. मोठ्या माणसानं नवख्याची वही मागावी, यात मला त्यांचं सारं मन दिसतं. त्याच सुब्रतनं ‘पथेर पांचाली’ टिपला आणि ‘अपराजितो’साठी सेटवर पांढरं कापड ताणून, त्यावरून परतलेल्या उजेडात काशीच्या घराचं अंगण उभं केलं.

आणि क्लोदची नजर विझत गेली. 1977 च्या ‘द स्पाय हू लव्ह्ड मी’साठी पाइनवूडला तेलवाहू जहाजाचा अवाढव्य सेट उभारला, तेव्हा त्यांना त्याचं दुसरं टोकच दिसेना. कलादिग्दर्शक केन अ‍ॅडम यांनी गुपचूप स्टॅन्ली कुब्रिकना बोलावून दिव्यांचा सल्ला घेतला. 1993 मध्ये क्लोद गेले.

त्या चित्रपटाच्या श्रेयनामावलीत छायाचित्रणाला नाव त्यांचंच आहे. ते तसंच असायला हवं. दिसेनासं झालं तरी उजेड कुठून यावा, हे त्या माणसाला बेचाळीस वर्षं ठाऊक होतं.