मिलिमीटरचा दहावा भाग

"अजून वळलं नाही. ताई, बाहेर दोन चकरा मारून या."

तिसऱ्या महिन्याच्या सोनोग्राफीत माझा निम्मा वेळ असा जातो. बाहेर बाकावर बायका ताटकळलेल्या असतात, कुणाच्या तरी सासूबाई दार किलकिलं करून डोकावतात, आणि आत मी करंगळीएवढ्या जिवाने कूस बदलावी म्हणून थांबलेली असते. हे बाळ डोक्यापासून कुल्ल्यांपर्यंत 45 ते 84 मिलिमीटर असतं. म्हणजे 11 आठवड्यांपासून 13 आठवडे 6 दिवसांपर्यंत. त्याच्या मानेमागे त्वचेखाली पाण्याची एक बारीक पट्टी असते, पडद्यावर ती काळी दिसते. तिची जाडी म्हणजे एनटी. 45 मिलिमीटरच्या बाळात ती साधारण 1.2 भरते, 84 च्या बाळात 1.9. साडेतीनच्या पुढे गेली, तर मी प्रोब बाजूला ठेवून खुर्ची ओढून घेते. पुढचं बोलणं उभ्याने करायचं नसतं.

एकविसाव्या गुणसूत्राच्या प्रती दोनाऐवजी तीन असल्या, म्हणजे डाउन सिंड्रोम असला, की पुष्कळदा ही पट्टी जाड होते. लँग्डन डाउन यांनी 1866 मध्येच लिहून ठेवलं होतं, की या मुलांची त्वचा अंगाला सैल झाल्यासारखी दिसते. ती सैल त्वचा गर्भात पाहता आणि मोजता येते, हे लंडनच्या किंग्ज कॉलेज हॉस्पिटलमधल्या किप्रॉस निकोलायडिस आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 1992 मध्ये मांडलं. मी रोज करते ते काम तिथून आलं.

मोजणं सोपं दिसतं, तसं ते नाही. बाळ बरोबर बाजूने दिसायला हवं: नाकाचं टोक, टाळू, मेंदूचा मध्य, सगळं एका छेदात. पडदा डोकं आणि छाती यांनीच भरायला हवा. बाळ पाठ टेकून पडलं असेल, तर मानेची त्वचा आणि बाळाभोवतीचं पातळ आवरण यांची मिळून एकच रेघ दिसते. बाळाने उसळी मारली की त्या दोन होतात. पट्टी जिथे सर्वांत रुंद, तिथे मापाच्या खुणा पांढऱ्या रेघांच्या आतल्या कडांना टेकवायच्या. खूण काळ्यात उतरली की माप कमी, रेघेवर चढली की जास्त. आणि मान. ती मागे ताणलेली असेल, तर माप 0.6 मिलिमीटरने वाढू शकतं. छातीकडे दुमडलेली असेल, तर 0.4 ने घटू शकतं.

हे 0.6 मला एका बाईने शिकवलं. माझी सुरुवातीची वर्षं होती. तिच्या बाळाची मान ताणलेली होती, ते मला दिसतही होतं. पण बाहेर रांग होती. मी 2.9 लिहिलं. चार दिवसांनी तिने दुसरीकडे सोनोग्राफी केली, तिथे 2.3 आलं. ती परत माझ्याकडे आली. भांडली नाही. दोन्ही कागद टेबलावर शेजारी शेजारी ठेवले आणि म्हणाली, "मॅडम, चार रात्री मी पोटावर हात ठेवला नाही." त्यानंतर बाहेर कितीही रांग असो, मान सरळ होईपर्यंत मी माप घेतलेलं नाही.

एनटी, आईचं वय आणि डबल मार्करची रक्ततपासणी एकत्र केली, की डाउन सिंड्रोमच्या 100 पैकी सुमारे 90 गर्भांकडे बोट दाखवता येतं. त्यात 100 निरोगी गर्भांपैकी पाचांवर उगाच संशय येतो, तो धरूनच. ही चाळणी आहे, निदान नव्हे. निदान हवं असेल तर वारेचा तुकडा किंवा गर्भजल तपासावं लागतं. हे मी तिसऱ्यांदा सांगत असते तेव्हाही घरच्यांचा प्रश्न तोच असतो: "म्हणजे आहे का नाही?" मग मी सांगते, "180 मध्ये 1 अशी शक्यता आलीय. अशा 180 जणी इथे बसल्या, तर 179 जणींच्या बाळात हे नसेल."

पूर्वी मी 'हे' ऐवजी 'हा दोष' म्हणायची. एकदा एका सासूबाईंनी लगेच विचारलं, "दोष कुणाचा? हिच्या माहेरचा का?" आपल्या भाषेत दोष म्हटला की तो कुणाच्या तरी माथी जातोच. बहुतेक वेळा ते जादा गुणसूत्र बीज तयार होताना केवळ योगायोगाने आलेलं असतं. माहेरचं नाही, सासरचं नाही, तिने खाल्लेल्या पपईचं तर नाहीच. आता मी फक्त 'एक गुणसूत्र जास्त' म्हणते. नवख्या डॉक्टरांना मी माप शिकवते तितक्याच कडकपणे हा शब्दही शिकवते.

या यंत्राने काय पाहायचं नाही, हेही ठरलेलं आहे: माझ्या भिंतीवर गर्भलिंगनिदान होत नसल्याची पाटी आहे, टेबलावर प्रत्येक गर्भवतीसाठी भरायच्या फॉर्म एफ चा गठ्ठा. आधी गर्भजल तपासून, मग याच यंत्रानेही पोटातल्या मुली शोधून मारल्या गेल्या, म्हणून 1988 मध्ये महाराष्ट्राला कायदा करावा लागला. देशाचा 1994 मध्ये आला. फॉर्म भरायला वेळ जातो म्हणून मी कधी कुरकुर केलेली नाही.

मघाशी बाहेर पाठवलेली बाई चकरा मारून आली. पुन्हा जेल, पुन्हा प्रोब. बाळ अजून पाठ टेकून पडलेलं. "जरा खोका बरं, ताई." ती खोकली आणि बाळ उडालं. खाली येताना मान सरळ, एका रेघेच्या दोन रेघा. "आता हलू नका." मी चित्र गोठवलं. 1.6. दुसरं घेतलं, 1.5. तिने विचारलं, "झालं का?"

"अजून एकदा," मी म्हटलं.