सदाफुलीची मात्रा

आपल्या अंगणातील फुलांची मानाची उतरंड पूर्वापार ठरलेली आहे. मोगऱ्याची जागा वेणीत, जास्वंदीची गणपतीच्या मस्तकी. पारिजातकास तर साक्षात् पुराणाचे पाठबळ. या सभेत सदाफुलीस कोणी आसन दिलेले नाही. तिला गंध नाही, तिच्यावर कथा नाही आणि तिची कोणी निगाही राखीत नाही. कुंपणाच्या कडेला, पायरीच्या फटीत, उकिरड्याच्या शेजारीसुद्धा ती आपण होऊन उगवते आणि बाराही महिने फुलते. पान कडू असल्यामुळे गुरे-शेळ्या तिला सहसा तोंड लावीत नाहीत. या कडूपणाकडे आपण फारसे लक्ष दिले नाही; परंतु पुढे जी हकीकत सांगावयाची आहे तिचे बीज त्यातच आहे.

सदाफुली मूळची आपली नव्हे. तिचे माहेर मादागास्कर बेट. तेथून ती जहाजांबरोबर जगभर पसरली, आणि उष्ण हवेचा असा एकही मुलूख राहिला नाही की जेथे ती घरची होऊन बसली नाही. लिनीअसने 1759 मध्ये तिला ‘व्हिन्का रोझिया’ असे नाव दिले. आज वनस्पतिशास्त्रज्ञ तिला ‘कॅथरँथस रोझियस’ म्हणतात. जुने नाव शास्त्राने टाकले. तथापि तिच्यापासून निघालेल्या औषधांच्या नावांत ते ‘व्हिन्’ या अक्षरांच्या रूपाने अद्याप जिवंत आहे. ती गेली तेथे तेथे लोकांनी तिचे पान औषध म्हणून चाखून पाहिले. जमेकात तिच्या पानांचा काढा मधुमेहावर घेत असत, आणि आपल्याकडेही सकाळी अनशापोटी तिची पाने चावणारे मधुमेही काही थोडे नाहीत.

या फुलाकडे मी लक्षपूर्वक पाहू लागलो तो मात्र माझ्या पुतण्याच्या दुखण्यामुळे. सव्विसाव्या वर्षी त्याच्या मानेत गाठी आल्या. तपासणीअंती लसिकाग्रंथींचा कर्करोग, म्हणजे ज्यास डॉक्टर ‘लिम्फोमा’ म्हणतात तो, असल्याचे निदान झाले. उपचारासाठी दर एकवीस दिवसांनी एक याप्रमाणे सहा वेळा मुंबईस जावयाचे ठरले. शिरेतून द्यावयाच्या औषधांची यादी त्याने घरी आणून दाखविली. तीत एक नाव ‘व्हिन्क्रिस्टिन’ असे होते, आणि ते सदाफुलीपासून काढतात, हे त्यानेच कोठेसे वाचून आईस सांगितले. दुसऱ्या दिवशी माझी वहिनी ओंजळभर पाने घेऊन माझ्यापुढे उभी राहिली.

“भाऊजी, औषध जर हेच असेल, तर ते आपल्या दारात आहे. मग पोराला त्या सुया टोचून घ्यायला मुंबईला कशाला न्यायचं? मी रोज वाटून रस देते की!”

हा प्रश्न हसण्यावारी नेण्यासारखा नव्हता. तो अडाणीपणाचाही नव्हता. वहिनींनी विचारले ते तर्कास धरून होते. पान आणि औषध यांत अंतर कशाचे, हेच त्या विचारीत होत्या. आणि त्याचे उत्तर देण्यापूर्वी मलाच ते शोधावे लागले.

हकीकत अशी की, 1952 मध्ये कॅनडातील लंडन नावाच्या गावी रॉबर्ट नोबल या संशोधकास त्याच्या भावाकडून एक पाकीट आले. त्यात सदाफुलीची पंचवीस पाने होती. भाऊ क्लार्क नोबल हा टोरांटोचा डॉक्टर, आणि पाने त्याच्या एका रुग्णाने जमेकाहून पाठविलेली. मधुमेहावर तेथे ही वापरतात, तर यात काही तथ्य आहे काय ते पाहावे, इतकीच विनंती. रॉबर्टने पानांचा अर्क उंदरांस पाजला. रक्तातील साखर उतरली नाही. मग तोच अर्क शिरेत टोचला. साखर तरीही उतरली नाही, परंतु उंदीर मात्र सुमारे आठवड्याभरात अंगावर गळवे होऊन मेले. येथे प्रयोग संपावयाचा. मधुमेहावर निरुपयोगी, असा शेरा मारून वही मिटली असती तर त्यास कोणी बोल लावला नसता. नोबलने मेलेले उंदीर उघडून पाहिले. त्यांच्या रक्तातील पांढऱ्या पेशी जवळजवळ नाहीशा झाल्या होत्या आणि हाडांतील मगज ओस पडला होता. साध्या जंतूंशी झुंजण्याचे बळच उरले नव्हते. जे द्रव्य पांढऱ्या पेशी अशा निपटून काढते ते, त्या पेशी जेथे बेफाम वाढतात अशा रोगात, कामी येणार नाही काय? हा उलटा विचार म्हणजेच त्या शोधाचा खरा जन्म होय. चार्ल्स बीअर या रसायनज्ञाने 1954 पासून चिकाटीने काम करून ते द्रव्य शुद्ध स्वरूपात वेगळे केले, आणि 1958 मध्ये न्यूयॉर्क येथील विद्वत्सभेत ते जगापुढे आले. तेच आजचे व्हिन्ब्लास्टिन.

योगायोग असा की, अमेरिकेतील इंडियानापोलिस येथे एली लिली या औषधनिर्मात्यांच्या प्रयोगशाळेतही गॉर्डन स्वोबोडा व त्याचे सहकारी याच वनस्पतीवर स्वतंत्रपणे काम करीत होते. रक्ताचा कर्करोग जडविलेले उंदीर तिच्या अर्काने अधिक काळ जगतात, असे त्यांना आढळले होते. पुढे दोन्ही वाटा एकत्र आल्या. व्हिन्ब्लास्टिनला अमेरिकेत 1961 मध्ये मान्यता मिळाली. स्वोबोडा यांच्या गटाने त्याच पानांतून काढलेल्या व्हिन्क्रिस्टिनला 1963 मध्ये मिळाली. ही दोन द्रव्ये म्हणजे सख्ख्या बहिणी. त्यांच्या प्रचंड रेणूंत फरक काय तो अणूंच्या एका चिमुकल्या गटाचा. परंतु तेवढ्या फरकाने एक बहीण मुख्यतः हाडांच्या मगजास उपद्रव देते, तर दुसरी मगजास पुष्कळसे वगळून मज्जातंतूंस छळते. निसर्गाच्या घरी काना-मात्रेच्या फरकाने अर्थ किती बदलतो, याचे हे उदाहरण आमच्या वैय्याकरणांसही आवडावे.

मात्रा हा शब्द सहज आला खरा, पण या सर्व कथेचे मर्म त्याच शब्दात आहे. मराठीत मात्रा म्हणजे औषध, आणि मात्रा म्हणजे प्रमाणही. आपल्या वैद्यांच्या भाषेने हे दोन अर्थ एकाच शब्दात बांधून ठेविले, यात मोठे शहाणपण आहे. कारण प्रमाणावाचून औषध असे काही नसतेच. व्हिन्क्रिस्टिनची एका वेळची मात्रा प्रौढ माणसास बहुधा दोन मिलिग्रॅमच्या वर जाऊ देत नाहीत. दोन मिलिग्रॅम म्हणजे सोनाराच्या गुंजेचा सुमारे साठावा भाग! सहाही खेपांत मिळून पुतण्याच्या देहात गेलेले हे द्रव्य गुंजेच्या दहाव्या हिश्श्याहून अधिक नव्हते. पानात ते इतके विरळ असते की, चिमूटभर काढावयास ढिगांनी वाळलेली पाने लागतात. शिवाय त्या पानात त्याच्या जोडीला शंभराहून अधिक इतर अल्कलॉइडे नांदतात. आज तोडलेल्या पानात किती आणि उद्याच्या पानात किती, हे वाटणाऱ्या पाट्यास कळत नाही. तेव्हा वहिनींच्या ओंजळीत औषध नव्हते असे नाही. तिच्यात मात्रा नव्हती.

आता हे द्रव्य करते तरी काय? आपल्या देहातील प्रत्येक पेशी दुभंगून तिच्या दोन होताना तिच्या आत अतिसूक्ष्म नळ्यांची एक चाती उभी राहते. गुणसूत्रांच्या जोड्या या नळ्यांच्या आधारे दोन बाजूंस ओढल्या जातात. या नळ्या ट्यूब्यूलिन नावाच्या प्रथिनाच्या विटांनी रचलेल्या असतात. सदाफुलीचे द्रव्य या विटांस चिकटते आणि त्यांची नळी जुळू देत नाही. चाती उभी राहत नाही, विभाजन अर्ध्यावर अडते, आणि अडलेली पेशी मरते. जी पेशी वरचेवर दुभंगते तिच्यावर हा घाव अधिक बसतो; म्हणून बेफाम वाढणारा कर्करोग सापडतो, आणि म्हणूनच केसांची मुळे व आतड्याचे अस्तर ही गरीब बिचारीही त्यात भरडली जातात.

रोग्याच्या खाटेपुरतेच हे द्रव्य उपयोगी पडले असे मात्र नव्हे. शास्त्रज्ञांच्या हाती ते एक उत्तम हत्यारच ठरले. पेशीतील एखादा भाग काय काम करतो हे पाहावयाचे, तर तो बंद पाडून पाहावा, हा प्रयोगशाळेचा जुना न्याय आहे. आपल्या रानातील कळलावीतही असणारे कोल्चिसीन वापरून 1967 च्या सुमारास ट्यूब्यूलिन प्रथिन ओळखण्यात आले; आणि 1968 मध्ये असे दिसून आले की, व्हिन्ब्लास्टिन दिलेल्या पेशींत तेच प्रथिन स्फटिकांच्या रूपाने गोळा होते. समुद्रातील अर्चिन नामक काटेरी प्राण्याच्या अंड्यांतूनही असे स्फटिक काढून त्या प्रथिनाचा अभ्यास झाला. 2005 मध्ये तर हे द्रव्य दोन विटांच्या सांध्यात नेमके कोठे पाचर मारून बसते, त्याचे चित्रही क्ष-किरणांच्या साहाय्याने मिळाले. मज्जातंतूंचे गूढ उकलण्यासही त्याची मदत झाली. मज्जातंतूच्या लांबलचक दोऱ्यातून एका टोकाकडून दुसऱ्या टोकाकडे माल वाहून नेला जातो तो याच नळ्यांच्या रुळांवरून. आणि ही औषधे दिली की ती वाहतूक थांबते.

हे वाचीत असताना मला पुतण्याची बोटे आठवली. चौथ्या खेपेनंतर त्यास सदऱ्याची बटणे लागेनात. बोटांच्या टोकांना मुंग्या येत. पायाखालची फरशी कापसासारखी लागे. शरीरातील सर्वांत लांब मज्जातंतू हातापायांच्या टोकांस पोचतात, म्हणून रूळ उखडल्याची पहिली वर्दी तेथून येते. प्रयोगशाळेत ज्यास ज्ञान म्हणतात तेच घरी न लागणाऱ्या बटणाच्या रूपाने समोर उभे होते. डॉक्टरांनी पुढील खेपांत व्हिन्क्रिस्टिनचे प्रमाण उतरविले. मात्रेचा विचार पुन्हा आलाच.

एकट्या औषधाने हा रोग क्वचितच हटतो, हेही या कथेतून शिकावयाचे आहे. व्हिन्सेंट डेव्हिटा व त्यांचे सहकारी यांनी अमेरिकेच्या राष्ट्रीय कर्करोग संस्थेत व्हिन्क्रिस्टिनसह चार औषधांची सांगड हॉजकिनच्या लिम्फोम्यावर घातली, आणि 1970 मध्ये प्रसिद्ध केले की, रोग पुढच्या अवस्थेस गेलेल्या 43 पैकी 35 रुग्णांत रोगाचा मागमूस उरला नाही. पुढे मिलान येथे बोनाडोना यांनी 1975 मध्ये व्हिन्ब्लास्टिन असलेली दुसरी सांगड मांडली. हॉजकिनच्या रोगावर ती आजही दिली जाते. मुलांच्या रक्ताच्या कर्करोगातही व्हिन्क्रिस्टिन हा उपचाराचा एक खांब आहे. आणि हेच जीवनदायी द्रव्य शिरेऐवजी चुकून पाठीच्या कण्यातील द्रवात टोचले गेले तर रुग्ण बहुधा दगावतो. म्हणूनच ते सुईच्या नळीत न भरता लहान पिशवीत पातळ करून द्यावे, असा इशारा जागतिक आरोग्य संघटनेने 2007 मध्ये दिला. मात्रा म्हणजे नुसते वजन नव्हे. वाट आणि वेळही त्यात आली.

इतके सर्व मी वहिनींस आपल्या भाषेत सांगितले. त्यांनी ऐकून घेतले, पाने परसात नेऊन टाकिली, आणि खाली बसून म्हणाल्या, “ते सगळं खरं, भाऊजी. पण मग मी करू काय? नुसती बघत बसू?”

पानांचा आग्रह कशासाठी होता ते तेव्हा माझ्या ध्यानी आले. त्यांना शास्त्राशी वाद घालावयाचा नव्हता. मुलासाठी हातांस काही काम हवे होते. इस्पितळाने घरच्या माणसांस एकच गोष्ट बजावून सांगितली होती: इतर औषधांनी पांढऱ्या पेशी उतरतात, तेव्हा ताप 38 अंशांवर गेला तर सकाळची वाट न पाहता निघावे. तापमापक आणि एक वही मी वहिनींच्या स्वाधीन केली. त्या दिवसापासून दिवसातून चार वेळा त्या वहीत आकडे पडू लागले. तिसऱ्या खेपेनंतर एका रात्री दोन वाजता आकडा 38.4 झाला. पोरगा म्हणत होता, “आई, थोडं कणकणलंय इतकंच, उजाडू दे.” वहिनींनी कोणाचे ऐकले नाही. पहाट होण्यापूर्वी तो इस्पितळात होता आणि त्याच्या शिरेतून जंतुनाशक औषध जात होते. थोडा उशीर झाला असता तर प्रसंग बेतला असता, असे डॉक्टर म्हणाले. नोबलचे उंदीर ज्या आपत्तीने मेले तीच आपत्ती त्या रात्री आमच्या उंबऱ्याशी आली होती, आणि तीन इयत्ता शिकलेल्या एका बाईने ती आकडा वाचून परतविली.

सहावी खेप झाल्यास आता दीड वर्ष लोटले. तपासणीत रोग दिसत नाही. बरा झाला हा शब्द डॉक्टर अजून जपून वापरतात. आम्हीही तो जपूनच वापरतो. बटणे मात्र त्याची तो लावतो.

2022 मध्ये शास्त्रज्ञांनी यीस्टच्या पेशींत फेरफार करून व्हिन्ब्लास्टिनचे दोन घटक तीत तयार करून घेतले आणि ते प्रयोगशाळेत जोडून दाखविले. कदाचित् उद्या या औषधासाठी पानांचे ढीग लागणारही नाहीत. तरी त्या क्षुद्र झाडाचे ऋण फिटले असे होणार नाही. आणि ते ऋण एकट्या झाडाचेही नव्हे. कडू पान तर शतकानुशतके कुंपणापाशी उभेच होते. त्याचे औषध झाले ते, फसलेल्या प्रयोगाकडे पाठ न फिरविता कोणी मेलेला उंदीर उघडून पाहिला म्हणून, ढिगातून कोणी चिमूट निवडली म्हणून, आणि त्या चिमटीचे किती, कोठून व केव्हा हे पुष्कळांनी वर्षानुवर्षे लिहून ठेविले म्हणून. वनस्पती देते ते केवळ सामर्थ्य. तारणारे आणि मारणारे ते एकच असते. त्यातून तारणारे वेगळे काढणे हे माणसाच्या सावध दृष्टीचे काम आहे, मग ती दृष्टी सूक्ष्मदर्शकावर असो की रात्री दोन वाजता तापमापकाच्या आकड्यावर असो.