म्हैस तेवढी परत मिळाली

“रझाकाराचं काम ह्यालाच द्यायचं होतं की ओ मॅडम, शोभला असता!” संमेलन संपल्यावर स्टेजच्या मागं येऊन एक पालक हसत हसत बोलून गेले. ‘ह्याला’ म्हणजे माझ्या आठवीतल्या एका मुलाला. नाटकात तो रातोरात गाडी जुंपून गाव सोडणारा शेतकरी झाला होता. मुलगा मुसलमान. तोही हसला. डोक्याचं मुंडासं सोडत होता, ते सोडत राहिला. बोलणाऱ्याच्या मनात वाकडं काही नव्हतं, असं मला तेव्हापासून बरेच जण समजावतात. नसेलही. मला मात्र ते वाक्य आठवलं की अजून कान तापतात.

मी बार्शी तालुक्यातल्या एका हायस्कूलवर इतिहास शिकवते. गाव तालुक्याच्या पूर्व कडेला. पुढं लगेच धाराशिव जिल्हा लागतो. आज एसटीत बसलं तर हद्द कधी ओलांडली ते कळतसुद्धा नाही. पण 1948 पर्यंत अलीकडं मुंबई इलाखा आणि पलीकडं निजामाचा मुलूख, अशी ही सरहद्द होती. त्यामुळं अजूनही 17 सप्टेंबरला पलीकडच्या शाळांत मराठवाडा मुक्तिसंग्रामाचं झेंडावंदन असतं आणि आमच्याकडं नेहमीचे तास. आठवीच्या पुस्तकात हैदराबाद, जुनागड, काश्मीर, गोवा अशी सगळी वरात एकाच धड्यात बसवली आहे. मुलं ‘पोलीस अ‍ॅक्शन, 13 ते 17 सप्टेंबर’ एवढं पाठ करतात आणि पुढं जातात.

मुक्तिसंग्रामाचं अमृत महोत्सवी वर्ष लागलं, तेव्हा मी संमेलनात या विषयाचं नाटक बसवायचं ठरवलं. तयार संहिता घ्यायची नाही, पोरांनीच घरोघर विचारून गोळा करायचं, एवढी एकच अट घातली. पहिले दोन आठवडे कुणी काही आणलं नाही. मग एक मुलगा हाली रुपया घेऊन आला. हाली म्हणजे निजामाचं नाणं. इंग्रजांचा तो कलदार. सात हाली दिले की साधारण सहा कलदार मिळत. वर्गात हा हिशेब फळ्यावर मांडला आणि गणितात नेहमी मागं राहणारी एक मुलगी उठून म्हणाली, “म्हंजे बाजारला इकडं आलं की दर बारीला तोटाच की.” पुस्तकातल्या धड्यानं असलं वाक्य कुणाच्या तोंडून कधी काढलं नव्हतं.

त्यानंतर पूर आला. करोडगिरीचा नाका, म्हणजे निजामाची जकात. तिथं गाठोडं सोडून दाखवायला लागायचं. निजामाचं अबकारीचं उत्पन्न बुडावं म्हणून शिंदीची झाडं तोडत, तो जंगल सत्याग्रह. सरहद्दीवरचे स्टेट काँग्रेसचे कॅम्प. बार्शी लाइट रेल्वेचा छोटा डबा, जो लातूरकडून निजामाच्या हद्दीतून यायचा आणि भरून यायचा. रझाकारांचा, म्हणजे निजामाच्या बाजूच्या हत्यारबंद टोळ्यांचा, पुढारी कासीम रझवी हा त्याच लाइनीवरच्या लातूरचा वकील, हे कळल्यावर पोरांना तो इसम एकदम शेजारचाच वाटायला लागला. तोवर तो कुठल्यातरी सिनेमातला खलनायक होता.

आमच्या नाटकाचा कणा मात्र एका मुलीनं आणला. तिचे पणजोबा तेव्हा दहा वर्षांचे. गाव हद्दीच्या पलीकडं. रझाकार शेजारच्या गावात आले अशी आवई उठली, तशी रात्री गाडी जुंपून सगळे बार्शीकडं निघाले. म्हैस व्यायला झालेली, तिला चालवणं शक्य नव्हतं. ती शेजारच्या मुसलमान म्हातारीच्या हवाली केली. कारवाई झाली, निजाम शरण आला, पाऊसकाळ सरता सरता ही माणसं परत गेली. म्हैस दाव्याला होती. पुढं वैरण होती. रेडकू होतं. म्हातारी नव्हती, आणि तिच्या घराला छप्पर नव्हतं. “पणजोबा म्हशीचंच सांगतात मॅडम,” मुलगी म्हणाली. “म्हातारीचं इचारलं की उठून भाईर जातात.”

आम्ही नाटकाचं नाव ‘म्हैस’ ठेवणार होतो. पण पु.लं.नी ते नाव असं काही बळकावून ठेवलंय, की पडदा उघडायच्या आधीच लोक हसले असते. म्हणून ‘नाक्यापलीकडं’ ठेवलं. भूमिका मी मुद्दाम उलट्या वाटल्या. रझाकारांचा म्होरक्या गावच्या पाटलाच्या घरचा पोरगा आणि परागंदा होणारा शेतकरी तो मुसलमान मुलगा. म्होरक्याचे उर्दू उच्चार सुधारायला शेतकरीच त्याच्या घरी जायचा. दोघं तालमीत एकमेकांवर खेकसायचे आणि मग एकाच सायकलवर घरी जायचे.

शेवटचा प्रवेश त्या दाव्याचा. म्हैस आत, म्हणजे विंगेत, नुसता घंटेचा आवाज. शेतकरी येतो, हाक मारतो, घराकडं बघतो. एक संवाद नाही. पोरांनीच तसं ठरवलं होतं. मी लिहून दिलेले चार संवाद त्यांनी तालमीत गाळून टाकले, आणि मला ते पटलं.

तालीम बघायला संस्थेचे एक सदस्य आले. दुसऱ्या दिवशी ऑफिसात बोलावणं. हे मी लांबण लावून सांगणार आहे, कारण गेली काही वर्षं मी मनातल्या मनात त्याच खुर्चीत बसून भांडते आहे. ते म्हणाले, “मॅडम, झकास बसवलंय. फक्त ती म्हातारी काढा. सतरा सप्टेंबरचा रेडिओ, झेंडा, जय म्हणायचं आणि पडदा.” मी म्हणाले, म्हातारी कुठं आहे? ती तर स्टेजवर येतच नाही. “तेच. न येता लई बोलती ती.” माणूस नाटक कळणारा होता, हे आलंच त्यात.

मग म्हणाले, असं काही झालंच नव्हतं. मी तयारीनं गेले होते. नेहरूंनीच पंडित सुंदरलाल यांची समिती धाडली होती. 1948 च्या अखेरीस ती संस्थानभर हिंडली. कारवाईच्या वेळी आणि नंतर अगदी कमीत कमी धरलं तरी 27 ते 40 हजार माणसं मारली गेली, असा तिचा अंदाज. सर्वांत जास्त झळ बसलेल्या जिल्ह्यांत उस्मानाबाद (आजचं धाराशिव), गुलबर्गा, बीदर आणि नांदेड. हिंदू शेजाऱ्यांनी जीव धोक्यात घालून मुसलमानांना वाचवल्याच्या हकिकतीही त्याच अहवालात आहेत. तो अहवाल सर्वसामान्यांना बघायला मिळायला 2013 उजाडावं लागलं. कागद त्यांच्यापुढं ठेवले. त्यांनी ते बोटानं माझ्याकडं परत सरकवले आणि म्हणाले, “आमच्या आज्याचं घर रझाकारांनी जाळलं. धान्याच्या कणगीसकट. त्याचा रिपोर्ट केला का ओ कुणी?”

याचं उत्तर माझ्याकडं होतं. तुमच्या आज्याचंच घर पहिल्या प्रवेशात आहे, असं मी म्हणायला हवं होतं आणि म्हणालेही. पण ते ऐकत नव्हते, खिडकीतून मैदानाकडं बघत होते. हा माणूस निव्वळ अडाणी किंवा खुनशी असता तर मला किती सोपं गेलं असतं! मुख्याध्यापक मधे पडले. “संमेलनापुरतं काढा मॅडम. वर्गात काय शिकवायचं ते शिकवा.” म्हातारी गेली. तिच्याबरोबर म्हैसही गेली, कारण म्हातारीशिवाय म्हशीला काही अर्थ नव्हता.

नाटक तुफान झालं. रेडिओवर शरणागतीची बातमी आली, झेंडा वर गेला आणि मैदानावरची माणसं उभी राहून घोषणा द्यायला लागली. माझ्याही डोळ्यांत पाणी आलं, खोटं कशाला सांगू. पाटलाच्या पोराला त्या रात्रीपासून गाव ‘रझाकार’ म्हणतं. तो कॉलेजला गेला, तरी नाव गेलं नाही. आणि शेतकऱ्याला काय ऐकावं लागलं, ते वर सांगितलंच.

खरी चपराक बसली ती पुढच्या चाचणीत. हैदराबादच्या विलीनीकरणावर प्रश्न होता. असली उत्तरं मी आयुष्यात तपासली नव्हती. नाका, शिंदी, हाली-कलदार, लाइट रेल्वे, सगळं आलं होतं, आणि कुणी कुणाचं बघून लिहिलेलं नव्हतं. पण शेवटाला बहुतेकांनी एकच वाक्य लिहिलं होतं: नंतर सगळे लोक आपापल्या गावी परत आले. पुस्तकात हे वाक्य नाही. मी ते शिकवलं नव्हतं. नाटकात म्हटलेलंही नव्हतं. झेंडा वर गेला आणि पडदा पडला, की प्रेक्षक उरलेलं स्वतःच जुळवून घेतो. लाल पेन हातात धरून बसले. गुण कापायचे तर कशाचे?

तेव्हापासून ‘नाटकातून इतिहास शिकवा, मुलांना गोडी लागते’ असं प्रशिक्षणात कुणी सांगितलं की मी सावध होते. गोडी लागते हे शंभर टक्के खरं. पण गोडी खोट्याचीही तितकीच लागते. संभाजीराजांचं काय झालं बघा. गडकऱ्यांचं ‘राजसंन्यास’, औंधकरांचं ‘बेबंदशाही’ अशा नाटकांनी व्यसनी, बेफाम संभाजी दोन-तीन पिढ्यांच्या मनात असा ठसवला, की शाळेतले मास्तरही त्यालाच खरं मानायचे. वा. सी. बेंद्रे आयुष्याची उमेदीची वर्षं कागदपत्रांत घालवून 1960 मध्ये चरित्र घेऊन आले, तेव्हा कुठं चित्र पालटायला लागलं. तेही अभ्यासकांपुरतं. सामान्य माणसापर्यंत नवा संभाजी पोचवायला पुन्हा कानेटकरांचं ‘इथे ओशाळला मृत्यू’ आणि सावंतांची ‘छावा’च लागली. म्हणजे बिघडवलं ललित लेखकांनी आणि दुरुस्त केलं तेही त्यांनीच. बेंद्र्यांचं नाव माझ्या वर्गात आजही कुणाला सांगता येत नाही. आणि दुरुस्त झालेला संभाजी तरी कागदांतल्यासारखा आहे का, हे विचारायची आज कुणाची छाती आहे?

तरी नवीन शिक्षकांनी विचारलं, तर मी नाटकच करा म्हणते. फक्त लढाई घेऊ नका. लढाईत पोरं तलवारी फिरवतात आणि घामाघूम होतात, बाकी हाती काही लागत नाही. नाका घ्या, बाजार घ्या, दुष्काळात मामलेदारापुढं उभी राहिलेली माणसं घ्या. कपड्यांवर पैसे घालू नका. घरातल्या म्हाताऱ्या माणसाला विचारायला पोरांना लावा, आणि ते जिथं गप्प होतात तिथं खूण करून ठेवा. हे सगळं मी ठासून सांगते, आणि सांगताना मनात येतं की आमचं अर्धवट नाटक झालंच नसतं तर ‘सगळे परत आले’ हे वाक्यही झालं नसतं. पुस्तकातला धडा मुकाट वाचला असता तर पोरांना काहीच कळलं नसतं, पण निदान चुकीचं कळलं नसतं. यातलं बरं कुठलं, याचा निकाल माझा मलाच लागत नाही. सोमवारी एक वाटतं, गुरुवारी दुसरं.

वर्गात काय शिकवायचं ते शिकवा, असं मुख्याध्यापक म्हणाले होते. ते मी धरून बसले. चाचणीच्या पेपरांनंतर शेवटच्या प्रवेशाचं वर्गात वाचन केलं. वाचायला तसं काही नव्हतंच, नुसत्या रंगसूचना. वाचून झाल्यावर जी वादावादी जुंपली, ती तास संपल्याची घंटा होऊनही थांबेना. एक म्हणाला, म्हातारी पळून गेली असंल. दुसरी म्हणाली, म्हशीला वैरण टाकून कोण पळतं? तिसऱ्यानं विचारलं, मग वैरण कुणी टाकली? हा प्रश्न मला आणि त्या पणजोबांच्या पणतीला, दोघींनाही तोवर सुचला नव्हता. गावातल्या कुणीतरी टाकली असणार. ज्यांनी घर जाळलं त्यांनी, की ज्यांना ते थांबवता आलं नाही त्यांनी? मुलीनं घरी जाऊन विचारलं. पणजोबा उठून बाहेर गेले नाहीत. “म्हैस काय कुणाची वैरी असती का,” एवढं म्हणाले आणि चहा मागितला.

शेतकरी झालेला मुलगा त्या वादात बोलला नाही. शेवटी मीच विचारलं, तर म्हणाला, “मॅडम, ह्यात मारामारीच नाही. पब्लिक बसणार नाही.” नाटकवाल्याचं उत्तर होतं ते. मी त्यामागं दुसरं काही शोधत बसले, ते बहुधा माझं माझंच असावं.

यंदा पोरांनी पावनखिंड मागितलीय. मावळ्यांचे कपडे सोलापुरातून भाड्यानं सहज मिळतात आणि संस्थेचीही हरकत असायचं कारण नाही. लढाई घेऊ नका म्हणणाऱ्या मीच हो म्हटलंय. शत्रूकडच्या सिद्दी मसूदचं काम कुणाला द्यायचं, यावरून मात्र मी आधीच चिठ्ठ्या टाकायचं जाहीर करून टाकलं. वर्गात त्यावरही भांडण आहे, कारण बाजीप्रभूइतकीच तलवार मसूदला मिळते आणि मरायला लागत नाही, हे पोरांनी हेरून ठेवलंय.