गुळव्याच्या खांद्यावरची लय

सिनेमाला संगीत देतो म्हटलं की लोक हमखास विचारतात, आधी चाल सुचते की शब्द? माझं दोन्ही नंतर येतं. आधी मी पात्राचे हात बघतो.

हे खूळ ‘साधी माणसं’नं डोक्यात घातलं. भालजी पेंढारकरांचा १९६५चा चित्रपट. श्रेयनामावलीत संगीतकार ‘आनंदघन’, म्हणजे लता मंगेशकर. त्यातलं जगदीश खेबुडकरांचं ‘ऐरणीच्या देवा’ लोहाराच्या भट्टीवरचं. लोहारकाम जवळून बघितलंय त्याला ठाऊक असतं, घण मारणारा एक आणि सांडशीत तापलं लोखंड धरून हातोडीनं जागा दाखवणारा दुसरा. दोन घावांच्या मध्ये ती हातोडी रिकाम्या ऐरणीवर हलकेच नाचते. जड, हलकं, जड, हलकं. ठेका आयताच मिळतो. तो ऐकायचा आणि त्याच्या आड यायचं नाही. या चित्रपटाच्या संगीताला राज्य पुरस्कार मिळाला. पण मला कौतुक वेगळ्याच गोष्टीचं वाटतं. एवढा गळा हाताशी असताना बाईंनी तिथं गायकी मिरवली नाही.

मध्यंतरी गुऱ्हाळावरचा एक प्रसंग माझ्याकडं आला. दिग्दर्शकानं रफ कटवर कुठल्याशा दाक्षिणात्य सिनेमाचं संगीत चिकटवून पाठवलेलं. वर निरोप, “दादा, असंच पायजे, पण वेगळं.” मी रेकॉर्डर घेऊन थेट गुऱ्हाळ गाठलं. गुळव्या काहिलीतला रस ढवळत होता. रस पातळ तोवर हात झरझर चालला. पाक धरायला लागला तसा जड होत गेला. बुडबुड्यांची खदखद जाऊन सुटी फटफट ऐकू यायला लागली. लय मोजायला गेलो तर एक आकडा टिकेना. आणि आम्ही हल्ली सगळं क्लिकवर वाजवतो, कानात अखंड टिकटिक.

क्लिक बंद केली. ढोलकीवाल्याला पडद्यासमोर बसवलं आणि म्हटलं, “माझ्याकडं बघू नको. त्याच्या खांद्याकडं बघ.”

यात माझी हुशारी काही नाही. १९३२ साली आमच्या कोल्हापुरात ‘प्रभात’नं ‘अयोध्येचा राजा’ काढला, तेव्हा पार्श्वगायन आलेलं नव्हतं. कॅमेऱ्यासमोर अभिनय करता करताच गायचं. संगीतकार गोविंदराव टेंबे आणि पडद्यावरचा हरिश्चंद्रही तेच. लय हलली तर बोट दाखवायला दुसरा माणूसच नाही!

आमचा ठेका छान जमला. पाक घट्ट होतो तशी ढोलकी आपसूक बसत गेली, शेवटी नुसती धुमेवरची थाप. मग संकलकाचा फोन आला. प्रसंगातले चार सेकंद उडवलेत, तेवढं संगीत ‘मधून’ कापून द्या. क्लिकवरचं असतं तर दोन मिनिटांत दिलं असतं. हे कुठून कापणार? मधला तुकडा काढला की गूळ एकदम घट्ट होतोय. सगळं पुन्हा वाजवायला लागणार. ढोलकीवाला तयार आहे, पण बिदागी वाढवून मागतोय, आणि ती रास्त आहे.